कोंबडी रिकामी माघारी येत नाही

पुण्यातून निघताना माझ्याकडे दोन बॅगा होत्या. एकीत कपडे, औषधं आणि जादाचा चष्मा. दुसरी, चांगली ऐसपैस, पूर्ण रिकामी. स्वारगेटला भोरच्या एसटीत चढताना ती दारात अडकली, तेव्हा कंडक्टरनं ती एका बोटावर उचलली आणि म्हणाला, "मावशी, हिच्यात तर काहीच न्हाई. तांदूळ आणायला निघालात का?"

मी हो म्हणून टाकलं. खरं सांगायला तोंड उघडेना, कारण मी जप्ती करायला निघाले होते.

मी नवशिक्यांना कॉम्प्युटरचं प्रोग्रॅमिंग शिकवणारे धडे लिहिते. ऐकायला भारदस्त वाटतं, पण काम साधं आहे. टॅबलेटच्या पडद्यावर रंगीत ठोकळे असतात आणि प्रत्येकावर मराठीत एकेक हुकूम: 'पुढे जा', 'वळ', 'दाणा टिप', 'हे पुन्हा कर'. शिकणाऱ्यानं ते एकाखाली एक रचायचे आणि हिरवं बटण दाबायचं, की पडद्यावरचं पात्र बरोब्बर तसं वागतं. चुकीचं रचलं तर तितक्याच इमानानं चुकीचं वागतं. इथूनच सगळ्यांची सुरुवात होते. पुढे मोठमोठी कामं करणारेही इथूनच गेलेले असतात.

यातला एक धडा कोंबडीचा. चौकोनांचं एक शेत, चार आडव्या ओळी आणि पाच उभ्या पट्ट्या. कोंबडी वरच्या डाव्या कोपऱ्यात उभी. तिनं सगळे दाणे टिपायचे आणि खालच्या उजव्या कोपऱ्यातल्या खुराड्यात पोचायचं. ठोकळे मोजकेच, म्हणून 'हे पुन्हा कर' वापरल्याशिवाय भागत नाही. धडा माझाच, आणि मला तो फार गोड वाटायचा.

आमच्या संस्थेनं भोर आणि वेल्हे भागात थोडी केंद्रं उघडली होती. त्यातल्या वेल्ह्याकडच्या एका गावातल्या बायकांच्या वर्गातून, सगळ्या टॅबलेटवरून, या धड्याचं एकच उत्तर येत होतं. तेही चुकलेलं, आणि एकाच तऱ्हेनं चुकलेलं. ऑफिसनं निष्कर्ष काढला की तिथं सरसकट कॉपी चालते, एकीचं बघून बाकीच्या दाबतात. साहेब म्हणाले, "जाऊन बघून ये. कुणीतरी एकीनं तुझ्यासमोर, एकटीनं, कुणाच्या मदतीशिवाय हा धडा सोडवला तर केंद्र राहील. नाहीतर टॅबलेट घेऊन ये." आणि वर, मी काहीही सुचवायचं नाही, ही अट.

म्हणून ती रिकामी बॅग.

भोर आणि आंबवडे

वाटेत भोरचं केंद्र होतं, ते आधी उरकून घेतलं. शाळेची एक स्वच्छ खोली, प्रत्येक मुलापुढे एक टॅबलेट, आणि टाचणी पडली तर ऐकू येईल अशी शांतता. मुलं हुशार होती. प्रत्येकानं आपल्या पडद्याभोवती हाताचा आडोसा केला होता, आपण लहानपणी पेपर लिहिताना करायचो तसा. कोंबडीचा धडा सगळ्यांना येत होता. एकीला मी विचारलं, "मजा आली का?" ती विचारात पडली आणि म्हणाली, "बरोबर आलं." मी वहीत 'उत्तम' असं लिहिलं आणि उगाचच थोडी हिरमुसले.

तिथल्या सरांच्या घरी जेवायला नवा इंद्रायणी भात होता, वाफ निघत असलेला, आणि त्यावर कुळथाचं पिठलं. पुण्यात आम्ही जो इंद्रायणी म्हणून आणतो त्याची आणि याची ओळखसुद्धा नसावी. सरांच्या बायकोनं तिसऱ्यांदा वाढलं तेव्हा मी नको म्हणाले, पण हात ताटावर आडवा धरायचा विसरले.

दुपारी सरांनी आंबवड्याचा झुलता पूल दाखवायला नेलं. पुलाच्या मध्यावर जाऊन मी खालचं पाणी बघायला थांबले आणि पूल डुलायला लागला. मी बाजूची तार दोन्ही हातांनी धरली. मागून डोक्यावर गवताचा भारा घेतलेली एक बाई येत होती. ती अजिबात न थांबता म्हणाली, "मधी हुबं ऱ्हाऊ नका. चालत ऱ्हावा, मग हलत न्हाई." मी तिच्या मागे मागे निमूट चालत पलीकडे गेले. तिचं खरं होतं, चालताना पूल कमी हलतो.

चेलाडी फाट्यावरून आत

दुसऱ्या दिवशी नसरापूरजवळ चेलाडी फाट्यावर उतरले आणि वेल्ह्याची एसटी माझ्या डोळ्यांदेखत निघून गेली. पुढची कधी, याबद्दल टपरीवरच्या तिघांची तीन मतं होती. शेवटी एका टेम्पोवाल्यानं पुढे बसवून घेतलं. मागे कोंबड्यांच्या रिकाम्या जाळ्या रचलेल्या होत्या आणि त्यांचा वास माझ्याबरोबर वेल्ह्यापर्यंत आला. कोंबडीचा धडा लिहिणाऱ्या बाईला हे योग्यच झालं, असं मला वाटलं.

दिवाळी होऊन गेली होती. भात कापून झालेली खाचरं पिवळी पडली होती, बांधाबांधावर पेंढ्या उभ्या होत्या. मार्गासनी गेलं, विंझर गेलं आणि समोर तोरणा उभा राहिला. मी तो फोटोत शंभरदा पाहिलाय. प्रत्यक्षात तो एवढा जवळ आणि एवढा उंच येतो, की मी मान वाकडी करून काचेतून वर बघत राहिले. टेम्पोवाल्यानं माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, "रोज बघतो, तरी मीबी बघतोच."

गावाचं नाव मी लिहीत नाही. तिथल्या बायकांनीच बजावलंय, "नाव टाकू नका, मग समदे बघाय येत्याल."

वर्ग गावातल्या बुद्धविहारात भरायचा. मनीषा नावाची तिशीतली सून तो चालवत होती. दहावीनंतर लग्न झालं आणि शिकणं थांबलं, ते थेट या टॅबलेटपाशी पुन्हा सुरू झालं. विहाराची किल्ली तिच्या सासऱ्यांकडे, म्हणून वर्ग तिथं. शिकायला मात्र सगळ्या आळ्यांतल्या बायका यायच्या. "पहिल्यांदा काही जणी पायरीवरच बसायच्या," मनीषा पुढे मला म्हणाली. "आत या म्हटलं तर न्हाई म्हणायच्या. मग तान्हूबाई आल्या, त्या सरळ आत येऊन पंख्याखाली बसल्या. बाहेर ऊन लई होतं. मग समद्याच आल्या."

मी दारात पोचले तेव्हा वर्ग चालू होता, आणि जे पाहिलं ते मी जन्मात विसरणार नाही.

टॅबलेट सगळे एका पंच्यात गुंडाळून खिडकीत ठेवलेले. एकच चालू, तो मनीषाच्या हातात. बायका भिंतीला टेकून बसलेल्या, आणि मधल्या मोकळ्या फरशांवर सत्तरीच्या तान्हूबाई, पदर खोचून, कोंबडी होऊन उभ्या. एकेक फरशी म्हणजे एकेक चौकोन. प्रत्येक फरशीवर भाताचा एकेक दाणा. पलीकडच्या कोपऱ्यात एक सूप उपडं घातलेलं, ते खुराडं.

"पुढं जा," मनीषानं ठोकळा वाचला.

तान्हूबाई एक फरशी पुढे सरकल्या आणि थांबल्या.

"टिपा की," कुणीतरी म्हणालं.

"तिनं कुठं सांगितलंय टिप म्हून?" तान्हूबाई जागच्या हलल्या नाहीत. "सांगंल तेवढंच करनार मी. कोंबडी हाय मी, तान्हू न्हाई."

सगळ्या हसल्या, आणि मनीषानं 'दाणा टिप' हा ठोकळा मध्ये घातला. पुढे एका जागी वळायचा ठोकळा राहून गेला, तर तान्हूबाई सरळ चालत भिंतीपर्यंत गेल्या आणि कपाळ भिंतीला टेकवून उभ्या राहिल्या. "भिताड आलं," त्या भिंतीलाच सांगत होत्या, "आता काय करू ते तुमी बघा."

यंत्र स्वतःच्या मनानं काही करत नाही, सांगितलं तेवढंच करतं, ही एक गोष्ट नवशिक्याला पटवण्यासाठी मी आजवर काय काय केलं होतं. चित्रं काढली, गाणी लिहिली, हलणारे रोबो केले. आणि इथं एक म्हातारी बाई भिंतीला कपाळ लावून उभी होती आणि खोलीतल्या प्रत्येकीला ते पुरतं कळलं होतं. खोटं कशाला बोलू, माझ्या डोळ्यांत पाणी आलं.

पण उत्तर चुकत होतं. त्यांची कोंबडी पहिली ओळ टिपत उजवीकडे जायची, खाली उतरायची, दुसरी ओळ टिपत डावीकडे यायची, पुन्हा खाली, पुन्हा उजवीकडे. ओळी चार, म्हणून शेवटी ती डाव्या कोपऱ्यात पाण्याच्या माठापाशी पोचायची. सूप राहायचं पार दुसऱ्या टोकाला.

"हितंच अडलंय," मनीषा म्हणाली. "दाणा एक ऱ्हात न्हाई, पण घर गावत न्हाई."

माझं उत्तर ओठांवर आलं होतं. ओळ संपली की कोंबडीला परत डावीकडे, ओळीच्या सुरुवातीला आणायचं आणि मग खाली उतरवायचं. म्हणजे प्रत्येक ओळ उजवीकडेच संपते आणि शेवटची खुराड्यात. भोरच्या सगळ्या मुलांनी हेच केलं होतं. पण सुचवायचं नाही, ही अट होती. समोर आलेल्या चहाबरोबर मी ते गिळून टाकलं.

खळ्यावर

दुसऱ्या दिवशी वर्ग नव्हता. नंदाच्या भाताची झोडणी होती. नंदा त्याच वर्गातली. नवरा वरव्याकडे कंपनीत कामाला, घरात हाताशी कुणी नाही. म्हणून सगळं केंद्रच तिच्या खळ्यावर लोटलं होतं.

याला इथं इर्जिक म्हणतात. एकाच्या रानावर सगळ्यांनी जायचं, काम हातावेगळं करायचं, ज्याचं रान त्यानं पोटभर जेवायला घालायचं. मग दुसऱ्याच्या रानावर. मजुरी नाही. आमच्या सोसायटीत वरच्या मजल्यावर कुणाची पाण्याची टाकी वाहत असली तर आम्ही आधी ती कुणाची हे ठरवतो, मग ग्रुपवर टाकतो. इथं आधी धावतात.

मी नुसती बसून राहिलेली कुणाला बघवेना. मलाही एक पेंढी देण्यात आली. पेंढी दोन्ही हातांत धरून लाकडावर आपटायची, की दाणे झडतात. मी आपटली ती अशी, की निम्मे दाणे तान्हूबाईंच्या अंबाड्यात गेले. "ऱ्हाऊ दे बाय," त्या डोकं झाडत म्हणाल्या, "डोस्कं पेरू नगंस माजं." म्याडमची मी बाय झाले ती तिथं. हळूहळू हात बसला. दुपारपर्यंत तळव्यांना फोड आले आणि मला त्यांचा भलताच अभिमान वाटायला लागला.

जेवायला ओढ्यातल्या खेकड्यांचं कालवण आणि तांदळाची पांढरीशुभ्र भाकरी होती. खेकडा कसा फोडायचा हे मला तीन जणींनी एकाच वेळी दाखवलं. कालवण इतकं झणझणीत, की मी नाक पुसत पुसत दुसऱ्यांदा मागून घेतलं. नंदाला त्याचाच आनंद झाला.

"क्लासबी आमचा असाच हाय," मनीषा भाकरी मोडत म्हणाली. "एकीचं अडलं की समद्या तिच्याकडं. तिचं सुटल्याबिगर पुढं कुणी जायचं न्हाई. आधी फरशीवर समद्यांनी मिळून चालायचं, मग जिनं तिनं आपापल्या टॅबलेटवर लावायचं. म्हून आमच्या समद्यांचं एकदमच बरोबर येतं, आन् एकदमच चुकतं."

शेजारच्या खाचरात हरभऱ्यासाठी नांगरट चालली होती. बैल बांधापर्यंत गेले, वळले, आणि लगतचं नवं तास ओढत परत आले. पुन्हा बांध, पुन्हा वळण. मी घास हातात धरून बघत राहिले. एकदाही ते रिकामे माघारी आले नाहीत. आले असते तर नांगरणाऱ्याला गावानं वेड्यात काढलं असतं. त्या बायकांनी कुणाचं बघून उत्तर लिहिलं नव्हतं. इथं वाढलेल्या माणसाला शेत दाखवून 'सगळं फिर' म्हटलं तर तो असाच फिरणार. त्यांना दुसरं काही सुचलंच नव्हतं.

तेवढ्यात तान्हूबाईंनी विचारलं, "बाय, तुजी ती मोठी बॅग रिकामीच कशी गं?"

मग मी सगळं सांगितलं. कॉपीचा संशय, एकटीनं सोडवायची अट, आणि नाही जमलं तर टॅबलेट. नंदानं वाढायचा डाव तसाच हातात धरला होता.

"एकटीनं?" मनीषानं विचारलं.

"हो. उद्या सकाळी. तुम्हीच बसा असं मला वाटतं."

तिनं हातातली भाकरी ताटात ठेवली. "टॅबलेट गेलं तर मी काय मरणार न्हाई, म्याडम. घरात काम हाय, रानात हाय. पण आता भांडी घासताना बी मला ठोकळं दिसत्यात. ह्याच्या आधी हे, मग ते. डोकं चालतंय असं लग्नानंतर पयल्यांदा वाटलं." मग तिनं ताट उचललं आणि म्हणाली, "बसते मी."

फरशीवर

सकाळी विहारात मनीषा आणि मी, दोघीच. बाकीच्या बायकांना बाहेर थांबवलं होतं. त्यांनी कुणी सांगितलं नसताना तोंडावर पदर धरले होते, चुकून शब्द निसटू नये म्हणून. खिडकीच्या गजांतून नुसते डोळे दिसत होते.

मनीषानं टॅबलेट मांडीवर घेतला आणि नेहमीचं उत्तर रचलं. हिरवं बटण दाबलं. कोंबडी माठाच्या कोपऱ्यात. पुन्हा रचलं, थोडं बदलून. कोंबडी कुंपणाला धडकली. तिसऱ्यांदा तर तिनं अर्धंच रचलं आणि पुसून टाकलं. तिच्या कपाळावर घाम आला होता. तिला एकटीनं विचार करायची सवयच नव्हती. प्रत्येक ठोकळ्यानंतर तिची मान आपोआप वर व्हायची, कुणी काही म्हणतंय का बघायला, आणि समोर मी बसलेली असायची, दगडासारखी.

ते बसणं माझ्यानं होत नव्हतं. दहादा वाटलं, बोलून टाकावं. ऑफिसला काय कळणार आहे. पण मी सांगितलेलं उत्तर घेऊन ती हरली नसती, तरी जिंकलीही नसती, आणि हे तिलाही कळलं असतं.

मग तिनं टॅबलेट खाली ठेवला. उठली. खिडकीतलं सूप घेतलं आणि खालच्या उजव्या कोपऱ्यात उपडं घातलं. वरच्या डाव्या कोपऱ्यातल्या फरशीवर जाऊन उभी राहिली. आणि स्वतःच स्वतःला सांगायला लागली.

"पुढं जा." एक पाऊल. "टिप." वाकणं. "पुढं जा."

सांगणारी तीच, ऐकणारी तीच. ओळीच्या शेवटी ती वळली, तशीच नागमोडी चालत गेली आणि माठापाशी येऊन थांबली. तिथून तिनं सुपाकडे पाहिलं. मग खाली फरशांकडे. मग तिची नजर खिडकीबाहेर गेली नाही, माझ्याकडे आली नाही, कुठंच गेली नाही. ती आत कुठंतरी होती.

"आडवं मारून घर गावंना," ती पुटपुटली. "तर मग उभं मारू."

ती परत पहिल्या फरशीवर गेली. या वेळी उजवीकडे न जाता सरळ खाली निघाली. पट्टी संपली, एक फरशी बाजूला, आणि वर. पुन्हा बाजूला, पुन्हा खाली, पुन्हा वर. आणि शेवटची पाचवी पट्टी उतरून आली, तेव्हा तिच्या पायाला सूप लागलं.

बाहेरून एक दबलेला हुंकार आला आणि लगेच पदराआड गेला.

ती टॅबलेटकडे धावली. 'हे पुन्हा कर' घातला, त्याच्या पोटात खाली आणि वर. बटण दाबलं. कोंबडी दोनदा खाली-वर झाली आणि शेवटच्या पट्टीच्या डोक्यावर जाऊन थांबली. दाणे समोर, खुराडं खाली, आणि ही ढिम्म.

"अगं उतर की!" मनीषा पडद्यावर ओरडली. मग स्वतःशीच, एकदम शांत आवाजात, "सांगितलंच न्हाई मी तिला. एक पट्टी उरली." आणि तिनं खालती, 'पुन्हा कर'च्या बाहेर, उरलेल्या पट्टीचे ठोकळे लावले.

कोंबडी उतरली. टिपत टिपत खुराड्यात गेली. पडद्यावर चांदण्या पडल्या, त्याही मीच कधीतरी बसवलेल्या. धडा लिहिणाऱ्या मला हे उत्तर माहीत नव्हतं. इतकी वर्षं तो धडा मी जगाला दिला आणि त्याला अशी वाट आहे हे मला त्या सकाळी दिसलं. मी उठून तिला मिठी मारली. दार उघडलं आणि सगळ्या एकदम आत आल्या. कोण कुणाला काय म्हणत होतं कळेना.

जरा शांत झाल्यावर मी त्यांना माझं उत्तर दाखवलं. ओळ टिपायची, रिकामं माघारी यायचं, मग खाली.

सगळ्या पडद्याकडे बघत राहिल्या. तान्हूबाईंनी हळूच विचारलं, "आन् ती रिकामी माघारी कशापायी येती?"

आधी नंदा हसली, मग सगळा विहार हसला, आणि मीही.

खिंडीत

गावात रेंज नाही. फोन करायचा तर वर खिंडीत जावं लागतं. मी निघाले, तशा सगळ्या उठल्या. मी म्हटलं, "तुम्ही कशाला? मी सांगते साहेबांना."

"नंदाच्या खळ्यावर तू हात लावलास न्हवं?" तान्हूबाईंनी काठी घेतली. "मग आता तुजं काम. तुला एकटीला कशी सोडू?"

चढ असा, की माझी वाचा बंद झाली. वर सगळ्याजणी माझ्याभोवती उभ्या राहिल्या. साहेबांनी फोन उचलल्या उचलल्या विचारलं, "निघालीस का टॅबलेट घेऊन?"

मी नाही म्हणाले आणि सांगायला लागले. नांगर, फरशा, आडवं, उभं. मी खूप भराभर बोलत असणार, कारण ते म्हणाले, "थांब, मला काही कळत नाहीये. कॉपी होत होती की नव्हती?"

मी उत्तर देण्याआधीच तान्हूबाईंनी माझ्या हातातून फोन घेतला आणि तोंडापाशी धरून, डोंगराला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "सायेब, तुमची कोंबडी घरला पोचली!"

मग साहेबांचा हसण्याचा आवाज मला इकडे ऐकू आला. "मग राहू द्या तिथंच," ते म्हणाले.

मनीषा खाली एका दगडावर बसली आणि पदरात तोंड लपवून रडली. कुणी तिला गप्प केलं नाही. समोर तोरणा उन्हात उभा होता.

मी पाबे घाटातून पानशेतकडे उतरून पुण्याला आले. पानशेतच्या हॉटेलांत शनिवारची गर्दी होती, मी कांदाभजी खाल्ली, आणि रिकामी बॅग मांडीवर घेऊन बसले.

परत आल्यावर नवा धडा लिहायला घेतला. कालव्याचं पाणी खाचरांत फिरवायचं, एकही खाचर कोरडं राहता कामा नये. चार दिवस झाले, सुटेना. शेवटी एका दुपारी मी स्वयंपाकघरातल्या फरशांवर चालून बघितलं. माझा मलाच हुकूम देता येईना. ओट्यापाशी पोचले की सगळं विसरायला व्हायचं. मनीषाचा काही कारणानं फोन आला होता, तेव्हा तिला ते कोडं आणि ही फजिती हसत हसत सांगितली आणि विसरून गेले.

दुसऱ्या दिवशी दुपारी पुन्हा तिचा फोन. मागे वारा भणाणत होता आणि पुष्कळ बायकांचे आवाज.

"म्याडम, खिंडीत आलोय समद्या. तान्हूबाईंना दम लागलाय, पण आल्यात. तुमचं अडलंय न्हवं?" ती म्हणाली. "स्पीकर लावा आन् फोन ओट्यावर ठेवा. पयल्या फरशीवर हुबं ऱ्हावा."

मी फोन ओट्यावर ठेवला. पदर खोचला. पहिल्या फरशीवर जाऊन उभी राहिले.

"पुढं जा," वेल्ह्याच्या खिंडीतून सगळ्या एकदम म्हणाल्या.